कृतीतून शिक्षण : चॉकलेट पास्त्याचे थर

पास्ता आणि गोड? मुलं हमखास विचारतात. मग विचारा, आपली शेवयांची खीर कशी असते? इटलीच्या उम्ब्रिया भागात नाताळच्या आदल्या दिवशी अक्रोड-कोको घातलेला गोड पास्ता करतात आणि गार करून खातात.

साहित्य : पास्ता २०० ग्रॅम, अक्रोड १०० ग्रॅम, साखर ८० ग्रॅम, कोको २ मोठे चमचे, चिमूटभर दालचिनी पूड.

कृती : पास्ता सोडून बाकी सगळं जाडसर कुटून मिश्रणाचे ३ समान भाग करा. पास्ता मऊ शिजवून निथळा, पण धुऊ नका. गरम असतानाच एक थर पास्ता, एक थर मिश्रण असे ३ वेळा लावा. झाकून रात्रभर फ्रीजमध्ये ठेवा.

उकळतं पाणी मोठ्यांनीच हाताळावं. अक्रोडाची अ‍ॅलर्जी नाही ना, हे आधी विचारून घ्यावं.

मोजणं, कुटणं, समान वाटणी मात्र मुलांकडेच द्या. एका वाटीत गार, धुतलेल्या पास्त्याचेही थर लावा. सकाळी दोन्ही तुलना करून मुलांनाच कारण शोधू द्या. वाफेने साखर विरघळते, पास्त्याच्या चिकटपणाने थर धरतात, हे आपण आधीच सांगून टाकलं तर उरतो फक्त खाऊ, शिकणं राहून जातं.