दुष्यंताला टेनरचा आवाज

प्रश्न : कालिदासाच्या 'शाकुंतला'वर इटलीत ऑपेरा झाला, असे ऐकले. त्यात दुष्यंत कोण गातो? आणि आपल्याकडचा मुलगा असे गाऊन परदेशात पोट भरू शकेल का?
— एक वाचक, फ्रीगंज, उज्जैन

उत्तर : हो, झाला. फ्रांको आल्फानोचा 'ला लेजेंदा दी साकुंतला' १० डिसेंबर १९२१ रोजी बोलोन्यात रंगभूमीवर आला. त्यात राजाची भूमिका टेनरची, म्हणजे उंच पट्टीच्या पुरुषी आवाजाची आहे. आपल्याकडे किर्लोस्करांनी 'शाकुंतला'च्या मराठी संगीत नाटकात १८८० सालीच मोरोबा वाघोलीकरांना दुष्यंत म्हणून उभे केले होते! दुसऱ्या महायुद्धात ऑपेराचे मूळ स्वरलेखन नष्ट झाले असे समजून आल्फानोने सगळा ऑपेरा नव्याने लिहून काढला. मूळ प्रत पुढे रिकोर्दी प्रकाशनाच्या संग्रहात सापडली.

आता पोटापाण्याचे. टेनरला माइक नसतो आणि समोर साठ-सत्तर वाद्ये वाजत असतात. तरी शेवटच्या रांगेला त्याचा शब्द कळतो, तो घसा ताणल्यामुळे नव्हे. तीन हजार हर्ट्झच्या आसपास वाद्यवृंदाचा जोर ओसरलेला असतो. नेमकी तिथे आवाजाला धार आणायची, आणि ती यायला वर्षे लागतात. जर्मनीत सरकारी मदतीवर चालणारी ऐंशीच्या आसपास ऑपेरागृहे आहेत. तिथे गायकाला कराराने महिन्याचा पगार मिळतो. आज मोझार्ट तर परवा वेर्दी. बाकीच्यांची कमाई बहुधा प्रयोगागणिक. तालमींचे आठवडे परक्या गावात भाड्याच्या खोलीत काढायचे, आणि ऐन वेळी घसा बसला तर त्या रात्रीच्या मानधनावर पाणी. कष्टाचा पेशा आहे. मला तो फार मोलाचा वाटतो.

आपल्याकडची माणसे तिथे पोचली आहेत. मुंबईत जन्मलेले अमर मुच्छाला लंडनच्या गिल्डहॉल संगीत विद्यालयात शिकले आणि टेनर म्हणून गातात. त्याच संस्थेत त्यांच्या कितीतरी आधी मुंबईच्या, मूळच्या गोव्याच्या पॅट्रिशिया रोझारिओ शिकल्या. जॉन टॅव्हनरसारख्या संगीतकाराने खास त्यांच्या आवाजासाठी रचना केल्या. गेली काही वर्षे त्या भारतात येऊन तरुण गायकांना शिकवतात.

तुमच्या घरात असा मुलगा असेल, तर आवाज फुटून स्थिरावेपर्यंत त्याला उंच स्वरांना हात घालू देऊ नका. तोवर इटालियन, जर्मन आणि पियानो सुरू करा. रागदारीची तालीम चालू असेल तर ती मुळीच सोडवू नका, सुराचा कान तिथेच तयार होतो.