कवटीच्या आतील चित्र : गॉडफ्रे हाउन्सफील्ड

क्ष-किरणांच्या साध्या छायाचित्रात कवटीचे हाड ठळक उमटते. आतील मऊ मेंदू मात्र जवळजवळ अदृश्यच राहतो. म्हणून पूर्वी मेंदूतील पोकळ्यांत हवा भरून छायाचित्र घेत. रोग्यास त्यामुळे असह्य वेदना होत.

या अडचणीतून मार्ग काढणारे हाउन्सफील्ड वैद्य नव्हते. १९१९ साली इंग्लंडात एका शेतकऱ्याच्या घरी जन्मलेल्या, विद्यापीठाची पदवी नसलेल्या या अभियंत्याने ई.एम.आय. कंपनीत काम करताना निराळा विचार केला. डोक्याच्या एकाच पातळ छेदातून अनेक दिशांनी किरण सोडावेत, प्रत्येक वेळी किती किरण शोषले गेले ते मोजावे आणि त्या हजारो मापांवरून गणकयंत्राने छेदाचे चित्र सिद्ध करावे. पहिल्या प्रयोगात क्षीण गॅमा-किरण वापरल्याने एका चित्राची मापे घेण्यास तब्बल ९ दिवस लागले! क्ष-किरण नळी बसविल्यावर तेच काम ९ तासांवर आले.

१ ऑक्टोबर १९७१ रोजी लंडनच्या अ‍ॅटकिन्सन मॉर्ली रुग्णालयात डॉ. जेम्स अँब्रोझ यांच्या देखरेखीखाली एका स्त्रीच्या मेंदूतील गाठ चित्रात स्पष्ट दिसली.

१९७९ चे नोबेल पारितोषिक त्यांना अ‍ॅलन कॉरमॅक यांच्यासह मिळाले. कॉरमॅक यांनी यामागील गणित स्वतंत्रपणे आधीच मांडले होते. २००४ साली हाउन्सफील्ड निवर्तले. किरणशोषणाच्या मापास आज ‘हाउन्सफील्ड एकक’ म्हणतात : पाण्याचे माप शून्य, हवेचे उणे १०००.