स्वप्नभूमीचा प्रवासी : रँडॉल्फ कार्टर

एच. पी. लव्हक्राफ्ट (१८९०–१९३७) या अमेरिकन कथाकाराने रँडॉल्फ कार्टर या स्वप्नप्रवाशाचे सलग चरित्र लिहिलेले नाही. ते निरनिराळ्या कथांतून जुळवावे लागते. अशा जुळणीत रचनाकाल आणि प्रकाशनकाल यांतील भेद महत्त्वाचा ठरतो.

‘द ड्रीम-क्वेस्ट ऑफ अननोन कडाथ’ ही लघुकादंबरी १९२७ मध्ये पूर्ण झाली, परंतु प्रसिद्ध झाली लेखकाच्या निधनानंतर, १९४३ मध्ये. तिशीत स्वप्नद्वाराची किल्ली गमावणाऱ्या कार्टरची कथा, ‘द सिल्व्हर की’, मात्र १९२९ मध्येच छापली गेली होती. म्हणजे वाचकांना स्वप्ने हरवलेला कार्टर आधी भेटला. स्वप्नभूमी पालथी घालणारा कार्टर नंतर.

लघुकादंबरीतील भूगोल नकाशा काढता यावा इतका नेमका आहे. प्रथम सत्तर पायऱ्या, मग सातशे. त्यापुढे अरण्य, स्काय नदी, उल्थार गाव, बंदरे. तथापि मावळतीच्या प्रकाशातील ज्या नगरीसाठी हा प्रवास, ती यांपैकी कोठेच नाही. ती कार्टरच्या न्यू इंग्लंडमधील बालपणीच्या दृश्यांतून घडलेली आहे, हे अखेरीस उलगडते. ‘द सिल्व्हर की’मध्येही सापडलेली किल्ली त्याला बालपणीच्या घराकडेच नेते.

दोन्ही कथा एकत्र वाचल्या असता स्वप्नभूमी हे वास्तवापासूनचे पलायन, हा रूढ निष्कर्ष अपुरा ठरतो. कार्टर ज्याला अज्ञात प्रदेश समजतो, ती त्याची स्वतःची विस्मृत जन्मभूमी आहे.