अंतर, एकांत आणि दूरध्वनी

जवळीक म्हणजे केवळ जवळ असणे नव्हे. एकमेकांच्या रोजच्या जगण्यात वाटा असणे म्हणजे जवळीक होय. मग नवरा-बायको दोन देशांत राहत असतील, तर यंत्रांच्या साहाय्याने हा वाटा टिकतो काय? वाणिज्य शाखेचा विद्यार्थी या नात्याने मी या प्रश्नाचा येथे विचार करीत आहे.

पूर्वी अंतराची किंमत मोजावी लागे. 1960 साली लखनौ-कानपूर मार्गावर भारतात प्रथम एस. टी. डी. सुरू झाली. पुढे गावोगावी पिवळ्या पाटीचे बूथ निघाले. मीटरचे आकडे पळत आणि माणसे मोजून बोलत. 1995 साली मोबाईल आला, 2003 पासून येणाऱ्या कॉलचे पैसे पडेनासे झाले आणि 2016 साली व्हॉट्सॲपवर समोरच्याचा चेहराही दिसू लागला. बोलण्याचा खर्च जवळजवळ शून्यावर आला.

खर्च घटला की उपभोग वाढतो, हे आपण शिकतो. पण उपभोग वाढला की प्रत्येक पुढील नगाची उपयोगिता घटते, हेही आपण शिकतो. नात्यात हे कसे घडते ते मी घरीच पाहिले.

माझा थोरला भाऊ दुबईत नोकरीस आहे. वहिनी आमच्याबरोबर बेळगावात राहते. आमच्याकडे रात्रीचे नऊ वाजले की तिकडे साडेसात होतात. तेव्हा त्याचा व्हिडिओ कॉल येतो. फोन आधी आईकडे, मग बाबांकडे, मग माझ्याकडे. शेजारच्या काकूही डोकावून "ऊटा आतेनप्पा?" असे विचारून जातात. शेवटी फोन वहिनीच्या हाती येतो, तेव्हा सर्वांसमोर ती "बरं आहे" एवढेच म्हणते. एकदा ती मला म्हणाली, "भावजी, रोज बोलतो, पण बोलणं होत नाही."

म्हणजे कमतरता मिनिटांची नव्हती, एकांताची होती. बंद पाकिटातील पत्र महिन्यातून एकदा येई, पण ते एकट्याने वाचता येई. आता वहिनी सकाळी गच्चीवर कपडे वाळत घालताना चार वाक्ये आवाजात रेकॉर्ड करून पाठवते. भाऊ ती जेवणाच्या सुट्टीत ऐकतो आणि तशीच उत्तरे पाठवतो. त्यांत भाजीचा भाव असतो, भांडण असते आणि बाकीचे आम्हांस ठाऊक नसते. रात्रीच्या कॉलला आता वहिनी सर्वांदेखतही हसते.

अर्थात, तापात कपाळावर हात ठेवण्याचे काम कोणतेही यंत्र करीत नाही. पण आपल्यापैकी अनेकजण उद्या पुणे, बंगळूर वा आखातात जातील. मागे राहणाऱ्या कुटुंबाने रोज दहा मिनिटे फोन एकाच माणसाच्या हाती द्यावा आणि स्वतः दुसऱ्या खोलीत जावे. याला खर्च काहीच नाही.