उजेड आधी ठरव, ब्रश मग उचल

पोरी, डिजिटल चित्रात उजेड शिकायचा तर कलर डॉज आणि ग्लोच्या ब्रशांना सध्या हात लावू नकोस. त्यांनी चमक येते, पण उजेड कुठून आला ते कळत नाही.

आधी दिवा कुठे आहे, केवढा आहे आणि किती लांब आहे, हे ठरव. वेगळ्या लेअरवर बाण काढून ठेव आणि चित्र संपेपर्यंत तो पुसू नकोस. दिवा केवढा, हे मुलं विचारातच घेत नाहीत, आणि सावलीची कड तर त्यावरच ठरते. उघड्या बल्बची सावली कापल्यासारखी पडते, ढगाळ आभाळाखाली ती जवळजवळ विरून जाते. एकाच माणसाची सावलीसुद्धा पायाशी गडद आणि रेखीव असते, डोक्याकडे मऊ होत जाते. अंतराचा हिशेब कडक आहे: छोट्या दिव्यापासून दुप्पट लांब गेलं की उजेड पाव उरतो, तिप्पट लांब गेलं की नववा हिस्सा. म्हणून समईजवळचा चेहरा लख्ख दिसतो आणि मागची भिंत अंधारात जाते. सूर्य मात्र इतका लांब आहे की अंगणभर ऊन सारखंच पडतं. तिथे हा उतार दाखवलास तर चित्र खोटं वाटेल.

सावलीत नुसता काळा भरू नकोस. निरभ्र दिवशी सावलीवर आभाळाचा निळा उजेड असतोच. मल्टिप्लाय लेअरवर निळसर जांभळा घेऊन बघ. लाल मातीच्या अंगणात हनुवटीखाली मातीची लाली वर येते, तीही टिप. फक्त हा परतलेला उजेड उन्हातल्या गालाइतका उजळ होऊ देऊ नकोस, नाहीतर चेहऱ्याचा गोलवा गेलाच म्हणून समज.

आता कातडी. ती सगळ्यांत अवघड, म्हणून सावळाराम हळदणकरांचं ‘ग्लो ऑफ होप’ समोर ठेव. मूळ चित्र म्हैसूरच्या जगनमोहन पॅलेसमध्ये आहे. हळदणकर सावंतवाडीचे. १९४५-४६च्या सुमारास त्यांनी स्वतःच्या मुलीला हातात दिवा देऊन उभं केलं आणि हे चित्र जलरंगात काढलं. जलरंगात अनडू नसतं, हे ध्यानात घेऊन बघ. दिव्याआड धरलेल्या बोटांमधून लाल उजेड झिरपतो. थ्री-डीवाले याला सबसरफेस स्कॅटरिंग म्हणतात. तू काय करायचंस? कानाची पाळी, नाकपुडी, बोटांची पेरं अशा पातळ जागी, उजेड सावलीला भिडतो तिथे, भडक तांबूस नारिंगीची बारीक पट्टी दे. पत्र्याला, दगडाला ती देऊ नकोस. आणि त्या चित्रात अंधार किती आहे तेही मोज. उजळ भाग थोडासाच आहे, बाकी सगळं त्यांनी दबतं ठेवलंय. तुझं चित्र फिकं वाटलं तर पांढरा वाढवण्याआधी शेजारचा भाग गडद कर.

घरी सरावाला ब्लेंडर हे थ्री-डी सॉफ्टवेअर फुकट मिळतं. त्यात एक गोळा ठेव आणि दिवा त्याच्याभोवती फिरवत, लहानमोठा करत सावली बघत बस. चित्र काढताना सगळ्यांत वर काळ्याने भरलेला लेअर ठेवून त्याचा मोड ‘कलर’ कर, म्हणजे खालचं सगळं करडं दिसेल. करड्यात दिवा कुठे आहे ते कळत नसेल, तर रंगांनी ते कळणार नाही. पुढचं चित्र मला आधी करड्यातच पाठव.