रॉक अँड रोल आणि आपले सी. रामचंद्र

रॉक अँड रोल म्हणजे नुसता धांगडधिंगा, असं आपल्यापैकी बऱ्याच जणांना वाटतं. पण मुलांना इतिहास शिकवायला हा विषय फार उपयोगी आहे.

उगम
१९५० च्या दशकात अमेरिकेच्या दक्षिण भागात काळ्या-गोऱ्यांच्या शाळा आणि बसमधल्या जागासुद्धा वेगळ्या होत्या. त्याच काळात कृष्णवर्णीयांचं रिदम अँड ब्लूज, त्यांचं चर्चमधलं गायन आणि गोऱ्या खेडुतांचं कंट्री संगीत एकत्र आलं. चक बेरी, लिटल रिचर्ड यांनी ते गाजवलं. १९५४ मध्ये मेंफिसच्या सन स्टुडिओत एल्विस प्रेस्ली हा गोरा तरुण कृष्णवर्णीयांची गाणी गाऊ लागला. १९५५ च्या ‘ब्लॅकबोर्ड जंगल’ या शाळेवरच्याच चित्रपटात बिल हॅलेचं ‘रॉक अराउंड द क्लॉक’ वाजलं आणि तरुणांनी ते डोक्यावर घेतलं. पालक, धर्मगुरू चिडले. भेदभाव काही गाण्याने संपला नाही. पण दोन्हीकडची मुलं एकाच तालावर नाचू लागली, हेही थोडं नव्हतं.

आपल्याकडे
पुणतांब्याला जन्मलेले, शास्त्रीय गाणं शिकलेले रामचंद्र चितळकर म्हणजेच सी. रामचंद्र. १९५१ च्या ‘अलबेला’साठी त्यांनी गोव्याचे ट्रंपेटवादक चिक चॉकलेट यांना सोबत घेतलं. १९५७ च्या ‘आशा’मध्ये किशोरकुमारकडून ‘ईना मीना डीका’ गाऊन घेतलं. तेव्हा आकाशवाणीने चित्रपटगीतांना कात्री लावली होती, म्हणून लोक रेडिओ सिलोन लावून बसायचे. आणि दर २६ जानेवारीला आपण शाळेत लावतो ते ‘ऐ मेरे वतन के लोगो’? त्याचेही संगीतकार सी. रामचंद्रच! धांगडधिंगा आणि डोळ्यांत पाणी, दोन्ही एकाच माणसाची देणगी.

वर्गात काय करता येईल?
आपल्या गोंदिया जिल्ह्यातली मुलं झाडीपट्टीची दंडारही पाहतात आणि लग्नात डीजेवरही नाचतात. गॅदरिंगचं गाणं ठरवताना त्यांना तीन प्रश्न विचारा: हे गाणं कोणी केलं? यातला ताल कुठून आला? हे घरी कोणाला आवडत नाही, आणि का?

शब्द तपासायलाच हवेत, आवाजही बेताचा हवा. पण गाणं नवीन आहे, एवढ्यावरून त्याला नापास करू नका.