‘कोर्ट’मधील नारायण कांबळे : वीरा साथीदार यांची भूमिका आणि शाहिरीची परंपरा

१.
मराठी नटांविषयीचे लेखन बहुतांशी दोन प्रकारचे आढळते. एक आत्मचरित्रांचे व आठवणींचे, दुसरे गौरवपर लेखांचे. दोन्ही प्रकारांत दीर्घ कारकीर्द गृहीत धरलेली असते. एखाद्याच भूमिकेने लक्षात राहिलेला आणि तिच्या आधी व नंतर आपल्या मूळ कामातच राहिलेला नट या लेखनाच्या कक्षेत सहसा येत नाही. नागपूरचे वीरा साथीदार हे असे नट होत. ‘विद्रोही’ या नियतकालिकाचे संपादक आणि आंबेडकरी चळवळीतील कार्यकर्ते ही त्यांची मूळ ओळख. चैतन्य ताम्हाणे दिग्दर्शित ‘कोर्ट’ या चित्रपटात त्यांनी शाहीर नारायण कांबळे यांची भूमिका केली. १३ एप्रिल २०२१ रोजी नागपूर येथे करोनाच्या आजाराने त्यांचे निधन झाले. या एका भूमिकेचे स्वरूप पाहणे आणि मराठी शाहिरीच्या परंपरेत तिचे स्थान शोधणे, एवढाच प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे.

२.
‘कोर्ट’ प्रथम २०१४ च्या व्हेनिस महोत्सवात दाखवला गेला. तेथे त्याला ओरिझोंती विभागातील सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा आणि पदार्पणाच्या चित्रपटासाठी असलेला ‘लायन ऑफ द फ्यूचर’ असे दोन पुरस्कार मिळाले. ६२ व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत तो सर्वोत्कृष्ट चित्रपट ठरला. एप्रिल २०१५ मध्ये तो चित्रपटगृहांत आला आणि त्याच वर्षी ऑस्करसाठी भारताची प्रवेशिका म्हणून निवडला गेला. मोठ्या निर्मितिसंस्थेचे पाठबळ या चित्रपटामागे नव्हते. त्यात बचावाच्या वकिलाची भूमिका करणारे विवेक गोंबर हेच त्याचे निर्मातेही होते.

कथानक थोडक्यात असे : मुलांच्या शिकवण्या घेणारा एक वृद्ध शाहीर मुंबईतील एका वस्तीत कार्यक्रम सादर करीत असताना त्याला अटक होते. त्याच्या गाण्यामुळे वासुदेव पवार या गटार साफ करणाऱ्या कामगाराने आत्महत्या केली, असा त्याच्यावर आरोप आहे. खटला तारखांमागून तारखा घेत पुढे सरकतो. मृताची पत्नी साक्षीत सांगते, की पती आत्महत्येविषयी कधी बोलला नव्हता. गटारात उतरण्यापूर्वी तो खडा टाकून पाही, झुरळ बाहेर आले तर आत जीव राहू शकतो असे समजे. ही साक्ष आरोपाचा पायाच काढून घेते. शाहिराला जामीन मिळतो. पण पुढे त्याला पुन्हा, वेगळ्या आरोपाखाली, अटक होते.

३.
साथीदार स्वतः चळवळीतले असल्याने ‘ते पडद्यावर स्वतःच वावरले’ असे म्हणण्याचा मोह होतो. हे मत तपासून घ्यावे लागेल. कांबळे हा मुंबईच्या कामगारवस्तीतला लोकशाहीर आहे, तर साथीदारांची जडणघडण नागपूरच्या चळवळीतली. चित्रपटातील गीते संभाजी भगत यांची आहेत. खटला व पात्रे काल्पनिक आहेत. म्हणजेच दुसऱ्याने रचलेले शब्द, दुसऱ्या शहरातील जगणे आणि कल्पित प्रसंग यांना नटाने आपला देह दिला आहे. अभिनयाची मूलभूत अट येथे पूर्ण होते. अनुभवाचे साधर्म्य हे या नटाचे साहित्य होते, आणि साहित्य हाताशी असले म्हणजे कृती आपोआप घडते असे नाही.

या कृतीचा विशेष तिच्या आवरलेपणात आहे. कॅमेरा पुष्कळदा दूर आणि स्थिर असतो, दृश्ये लांब असतात, चेहऱ्याच्या निकट चित्रणाचा आधार नटाला जवळजवळ मिळत नाही. रंगमंचावरचा कांबळे वस्तीतल्या श्रोत्यांना थेट हाक देतो. आरोपीच्या जागी उभा असलेला कांबळे विचारले तेवढेच बोलतो. एकाच माणसाचे हे दोन आवाज प्रेक्षकाच्या मनात शेजारी-शेजारी राहतात. न्यायालयात तो करुणेची याचना करीत नाही आणि वीरश्रीही दाखवीत नाही. मराठी रंगभूमीवर न्यायालयाचा प्रसंग म्हटला की स्वगताची, आवेशपूर्ण निवेदनाची अपेक्षा असते. विजय तेंडुलकरांच्या ‘शांतता! कोर्ट चालू आहे’मधील बेणारेचे दीर्घ स्वगत हे त्याचे ठळक उदाहरण. कांबळेला असे स्वगत नाही. त्याचे सर्व म्हणणे गाण्यात आधीच येऊन गेलेले आहे आणि नेमके तेच न्यायालयाला ऐकता येत नाही.

४.
येथे साहित्याच्या अभ्यासकाला महत्त्वाचा वाटावा असा प्रश्न उद्भवतो : गीताचा अर्थ कोणी आणि कसा लावायचा? सांगलीचे कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर यांचे ‘कीचकवध’ १९०७ मध्ये रंगभूमीवर आले आणि १९१० मध्ये त्यावर बंदी आली. पौराणिक कीचकात लॉर्ड कर्झन दिसतो, असे प्रेक्षकांप्रमाणे सरकारनेही ओळखले होते. म्हणजे तेथे सत्ता रूपकाची जाणकार वाचक होती. ‘कोर्ट’मध्ये याच्या उलट घडते. शाहिराच्या शब्दांमागील उपहास, आर्तता, संबोधनाची रीत यांपैकी काहीच विचारात न घेता ते शब्द म्हणजे केवळ एक सूचना, असे मानले जाते. सरकारी वकील कायद्याची कलमे एकसुरात वाचत जाते आणि गीताचेही कलम होते. वाचनाच्या पद्धती दोन, परिणाम मात्र एकच. इंग्रजांनी १८७६ मध्ये केलेला नाट्यप्रयोगविषयक कायदा २०१८ मध्ये रद्द झाला; तथापि प्रयोगाकडे संशयाने पाहण्याची सवय एखाद्या कायद्यापुरती मर्यादित नसते.

५.
फलटण आणि भोवतालच्या तालुक्यांतील विद्यार्थ्याला शाहीर परका नाही. महात्मा फुले यांच्या घराण्याचे मूळ गाव कटगुण हे शेजारच्या खटाव तालुक्यातले. त्यांनी १८७३ मध्ये स्थापन केलेल्या सत्यशोधक समाजाच्या प्रेरणेतून पुढे सत्यशोधक जलसे उभे राहिले आणि त्यांच्या पाठोपाठ भीमराव कर्डक यांच्यासारख्यांचे आंबेडकरी जलसे. वाळवा तालुक्यातील वाटेगावचे अण्णा भाऊ साठे यांनी मुंबईत अमर शेख आणि द. ना. गव्हाणकर यांच्यासह १९४४ मध्ये लाल बावटा कलापथक काढले. या सर्व प्रवाहांत गाणारा, लिहिणारा आणि संघटना बांधणारा हे तीन वेगळे मानले गेले नाहीत.

नारायण कांबळे या वंशातला आहे. त्याच्या अगदी निकटचा पूर्वज म्हणून विलास घोगरे यांचे नाव घ्यावे लागेल. आनंद पटवर्धन यांच्या १९८५ च्या ‘बॉम्बे अवर सिटी’ या माहितीपटात घोगरे गाताना दिसतात. घाटकोपरच्या रमाबाई नगरात ११ जुलै १९९७ रोजी झालेल्या गोळीबारानंतर काही दिवसांतच त्यांनी जीवन संपवले. ‘जय भीम कॉम्रेड’ (२०११) या माहितीपटाचा आरंभबिंदू तोच आहे. माहितीपटात शाहीर स्वतःच्या नावाने उभा राहतो. ‘कोर्ट’मध्ये कल्पित नावाने. कल्पिताचा लाभ असा, की प्रश्न एका व्यक्तीपुरता राहत नाही.

६.
चित्रपटाच्या अखेरीस कांबळे दिसत नाही. न्यायालय उन्हाळी सुटीसाठी बंद होते, दालनातील दिवे मालवले जातात आणि पुढचा प्रसंग सहलीला गेलेल्या न्यायाधीशांचा आहे. निकाल प्रेक्षकाला कळत नाही. नायकाला कथेतून असे नाहीसे होऊ देणे नटाला सोपे नसते. साथीदारांनी ही भूमिका सुरुवातीपासूनच इतकी निगर्वी ठेवली आहे, की ते नाहीसे होणे पटते, आणि पटते म्हणूनच अस्वस्थ करते.

मे २०२५ मध्ये नागपुरात साथीदारांच्या स्मरणार्थ झालेल्या कार्यक्रमात फैज अहमद फैज यांची एक रचना गायिली गेली आणि त्यावरून पोलिसांत गुन्हा नोंदवला गेला. चित्रपटातील प्रश्न नटाच्या पश्चात त्याच्या स्मृतिसभेत उभा राहावा, हा योगायोग म्हणून सोडून देता येण्याजोगा नाही.

लोकसाहित्य आणि दलित साहित्य यांच्या अध्यापनात शाहिरीचा विचार आपण प्रायः छापील संहितेच्या आधारे करतो. आवाज, देह, श्रोतृसमूह आणि प्रयोगाची जागा वगळून केलेले असे वाचन आणि ‘कोर्ट’मधील सरकारी पक्षाचे वाचन यांत अंतर किती, हे प्रत्येक अध्यापकाने स्वतःला विचारावे. साथीदारांची भूमिका वर्गात दाखवून तिच्यावर चर्चा घडवावी ती याचसाठी. शाहिरीचा अर्थ प्रयोगातच पूर्ण होतो, हे सूत्र व्याख्येपेक्षा या एका भूमिकेतून अधिक स्पष्ट होते.